आद्याक्षरांचं बारसं

इंग्रजी मुळाक्षरं अंगवळणी पडलेला मराठी माणूस फ्रेंच शिकायला बसला, की त्याची पहिली फजिती दोन अक्षरं करतात. आपण ज्याला 'जी' म्हणतो ते अक्षर फ्रेंचांच्या तोंडी 'झे' असतं आणि आपल्या 'जे'ला ते 'झी' म्हणतात. म्हणजे जवळपास अदलाबदलच. पॅरिसच्या एखाद्या खिडकीपाशी उभ्या असलेल्या गजाननाने आपल्या सवयीने 'जी, ए, जे, ए, एन, ए, एन' असं नाव सांगितलं, तर पलीकडचा कारकून इमानेइतबारे 'जे' आणि 'जी' उलटेपालटे करून, प्रत्येक 'ए'चा 'ई' करून भलतंच काही लिहून घेईल. गजाननाचा झेझेनेन होईल आणि तोच पुढे ओळखपत्रावर येऊन बसेल.

अक्षराचा आवाज आणि अक्षराचं नाव या दोन वेगळ्या गोष्टी असतात, हे देवनागरीत वाढलेल्या माणसाला चटकन जाणवत नाही. आपला 'ग' हा 'ग'च असतो. फ्रेंचमध्ये मात्र अक्षराला स्वतःचं नाव असतं, आणि दोन अक्षरांची नावं शेजारी शेजारी उच्चारली की कधी कधी एक तिसराच शब्द तयार होतो. फ्रेंच माणसाने या सोयीचा चांगलाच फायदा घेतला आहे. आद्याक्षरांपासून नावं पाडण्याचा त्याचा उद्योग निदान तीनशे वर्षं तरी चालू आहे.

सगळ्यांच्या ओळखीच्या उदाहरणापासून सुरुवात करू. टिनटिनच्या पुस्तकांवर 'एर्झे' अशी सही असते. आपल्याकडे तिचा उच्चार 'हर्जे' असा होतो, पण फ्रेंचमध्ये सुरुवातीचा 'एच' मुका असतो. या चित्रकाराचं खरं नाव झॉर्झ रेमी, जन्म ब्रुसेल्सच्या एत्तरबेक भागात, 22 मे 1907 रोजी. आद्याक्षरं 'जी' आणि 'आर'. आडनाव आधी आणि नाव मागून, असा शाळा-कचेरीच्या पटावरचा क्रम लावला की ती 'आर-जी' होतात. फ्रेंच उच्चारात 'एर-झे'. झालं नाव तयार! बालवीरांच्या मासिकात चित्रं काढताना, 1924 साली, सतरा वर्षांच्या रेमीने ही सही घेतली. 10 जानेवारी 1929 रोजी 'ल पती व्हँतिएम' या मुलांच्या पुरवणीत टिनटिन अवतरला, तेव्हा सही तीच होती आणि 1983 साली चित्रकार वारला तेव्हाही तीच. मला गंमत वाटते ती त्या मुक्या 'एच'ची. आवाजाच्या दृष्टीने त्याला काही काम नाही. पण तो पुढे लावल्यामुळे नुसत्या दोन अक्षरांना शब्दाचा चेहरा आला. लग्नातला फेटा असतो तसा.

एर्झेच्या पाठोपाठ बेल्जियन चित्रकारांत ही रीतच पडली. झोझेफ झिलँ हा 'झीझे' झाला. 'स्पिरू' साप्ताहिकाचा हा खंदा शिलेदार होता; फ्रांकॅं आणि मोरिस या पुढे गाजलेल्या दोन तरुणांना घेऊन तो 1948 साली थेट अमेरिका आणि मेक्सिकोपर्यंत भटकून आला. झाँ द मेस्मेकर 'झीदेएम' झाला, म्हणजे जे, डी आणि एम. त्याच्या नावाची एक गमतीदार पुरवणी आहे. फ्रांकॅंने 1957 साली गास्तों नावाचा एक अजागळ कारकून जन्माला घातला. त्या चित्रमालिकेत करारावर सही करायला वारंवार येणारा आणि गास्तोंच्या कुठल्यातरी करामतीने दर वेळी करार फाडून संतापाने निघून जाणारा एक बडा व्यावसायिक आहे. त्याचं नाव मस्य द मेस्मेकर, आणि चेहरा झीदेएमच्या वडिलांचा! मुलाने आद्याक्षरांच्या आड दडवलेलं आडनाव मित्राने असं चव्हाट्यावर आणून बसवलं.

फ्रान्समध्येही हे लोण पोचलं. झॉर्झ ब्लाँदो आधी फ्रेंच रेल्वेत आरेखक होता. व्यंगचित्रकार झाल्यावर 'जी-बी'चा 'झेबे' झाला. मोरिसच्या पश्चात लकी ल्यूकची चित्रं काढणारा एर्व्हे दारमाँतों 'आशदे' म्हणून सही करतो, कारण फ्रेंचमध्ये 'एच' या अक्षराचं नाव 'आश' आहे. आणि हे सगळे ज्या कलेत वावरतात तिचं नाव तरी काय? 'बांद देसिने', म्हणजे चित्रपट्टी. तिची आद्याक्षरं 'बी-डी', उच्चार 'बेदे'. हा 'बेदे' आता शब्दकोशात स्वतंत्र शब्द म्हणून सुखाने नांदतो आहे. ज्या घराच्या पाटीवरच आद्याक्षरं, त्या घरातल्या पोरांनी दुसरं काय करावं!

या मंडळींच्याही आधी, पॅरिसच्या फॅशनच्या दुनियेत, 'एर्ते' होऊन गेला. रोमाँ द तिर्तोफ, जन्म सेंट पीटर्सबर्गचा, 1892 सालचा. घराणं आरमारातल्या अधिकाऱ्यांचं, बाप अ‍ॅडमिरल. त्या घरातला मुलगा बायकांच्या पोशाखांची चित्रं काढणार म्हणजे घराण्याच्या नावाला बट्टाच! म्हणून नाव झाकलं आणि 'आर-टी'चा 'एर्ते' झाला. पुढे 'हार्पर्स बझार' मासिकाच्या मुखपृष्ठांनी या झाकलेल्या नावाची कीर्ती इतकी पसरवली की उघडं नाव कुणाला आठवेनासं झालं. याच एर्तेने पुढे मुळाक्षरांची एक चित्रमाला केली. तिच्यात प्रत्येक अक्षर माणसांच्या देहांनी घडलेलं आहे. अक्षरांतून निघालेल्या माणसाने माणसांतून अक्षरं काढली, असं म्हणायचा मोह होतो. पण एर्तेच्या चित्रांकडे बघताना असल्या कोट्या फार वेळ सुचत नाहीत.

मराठी वाचक इथवर आला असेल तर त्याच्या मनात एव्हाना गदिमा आणि गोनीदा येऊन बसले असतील. बसायलाच हवेत. पण फरक बघा. गजानन दिगंबर माडगूळकर यांचे 'गदिमा' होताना आपण अक्षरांची नावं घेत नाही, सरळ अक्षरं घेतो. 'ग'चा 'ग', 'दि'ची 'दि'. काना-मात्रेसकट उचलतो. म्हणून 'पुलं'मध्ये पुरुषोत्तमाचा उकारही शाबूत राहतो. फ्रेंचांमध्येही हा प्रकार अधूनमधून दिसतो. बर्नार द्यूमाँ नावाचा बेल्जियन चित्रकार 'बेद्यू' अशी सही करतो, ती थेट गदिमांच्या कुळातली. उलट आपल्याकडे अक्षरांची नावं उच्चारून झालेलं ठळक नाव म्हणजे 'जीए'. गुरुनाथ आबाजींचे 'गुआ' कुणी केले नाहीत, ते इंग्रजी अक्षरांच्या वाटेने जीए झाले. एर्झेची रीत हीच. देशपांड्यांचे तर दोन्ही झाले. वाचकांचे पुलं आणि मित्रांचे पीएल.

दुसरा फरक जास्त खोल आहे. आपलं मधलं अक्षर बापाचं असतं. लग्न झालेल्या बाईचं असेल तर नवऱ्याचं. फ्रेंच माणसाचं मधलं अक्षर संताचं असतं, नाहीतर आजोबाचं किंवा धर्मपित्याचं. आणि गंमत म्हणजे ते बहुधा कुणी वापरतच नाही. द गोल यांचं जन्मनोंदीतलं नाव शार्ल आंद्रे झोझेफ मारी. हो, मारी. कॅथलिक घरांत पुरुषांच्या नावांच्या शेपटीलाही कुमारी मरियमेचं नाव लावायची पद्धत होती. या चार नावांतलं फक्त पहिलं जगाला माहीत आहे. अमेरिकन पद्धतीचा 'शार्ल ए. द गोल' कुणी ऐकलेला नाही.

मग फ्रेंच नावांत 'जे-पी', 'जे-जे', 'जे-एम' अशी जोडाक्षरं दिसतात ती कुठून आली? ती दोन नावांची नाहीत, एकाच जोडनावाची आहेत. यातली सगळी मेख एका आडव्या रेघेत आहे.

कॅथलिक फ्रान्समध्ये शतकानुशतकं मुलांची नावं संतांच्या यादीतून येत. त्यातही झाँ, पिएर, फ्रांस्वा, झाक या चार-पाच नावांवर सगळा गाव भागायचा. एका वाडीत सात झाँ असले की हाक मारायची कुणाला? त्यावर उपाय म्हणजे झाँला दुसरं नाव जोडायचं. झाँ-बातिस्त, झाँ-झाक, झाँ-फ्रांस्वा. राज्यक्रांतीने 1792 साली जन्ममृत्यूची नोंद चर्चकडून काढून नगरपालिकांकडे दिली, आणि काही काळ ब्रूतुस, थर्मिदोर अशा नावांची धमाल उडाली. 23 ऑगस्ट 1794च्या कायद्याने सांगितलं की जन्मनोंदीत नाही ते नाव कुणीही वापरायचं नाही. 1 एप्रिल 1803च्या कायद्याने आणखी एक पाऊल टाकलं. नावं फक्त पंचांगांतून आणि प्राचीन इतिहासातल्या ज्ञात व्यक्तींमधूनच घ्यायची! हा कायदा थोड्याफार सैलावलेल्या रूपात थेट 8 जानेवारी 1993पर्यंत टिकला. म्हणजे जवळजवळ एकशे नव्वद वर्षं फ्रेंच आईबापांच्या कल्पनाशक्तीवर सरकारचं झाकण होतं. नवं नाव काढता येत नव्हतं, पण मंजूर असलेली दोन नावं जोडता मात्र येत होती. त्यामुळे जोडनावांचं पीक आलं. विसाव्या शतकाच्या मध्यावर तर झाँ-पिएर आणि झाँ-क्लोद यांचा सुळसुळाट झाला होता.

आणि कायद्याने घातलेली झाकणं जिभेला लागू नसतात. नोंदवहीत झाँ-पिएर असलेला पोरगा शाळेच्या मैदानावर 'झीपे' झाला. जे आणि पी, बाकी काही नाही. झाँ-क्लोदचा 'झीसे'. झाँ-बातिस्तचा 'झीबे'. झाँ-फ्रांस्वाचं 'झी-एफ' भराभर म्हणता म्हणता 'जेफ' झालं आणि अमेरिकन जेफशी जाऊन मिळालं. ही सही नव्हे की टोपणनाव मिरवायची हौस नव्हे; ही घरातली, गल्लीतली हाक आहे. आपल्याकडे जिथे बंड्या आणि बाळ्या येतात, तिथे तिकडे दोन अक्षरं येतात.

लिहिताना मात्र फ्रेंच मुद्रणशास्त्र अतिशय कडक. जोडनावाची आद्याक्षरं लिहिताना मधली रेघ राखलीच पाहिजे. झाँ-पिएरचं 'जे', टिंब, रेघ, 'पी', टिंब. रेघ गाळली तर ती दोन वेगळी नावं होतात. शिवाय दोन अक्षरांनी मिळून एक आवाज होत असेल तर दोन्ही ठेवायची, शार्लचं नुसतं 'सी' नव्हे, 'सीएच', फिलिपचं 'पीएच', तेओफीलचं 'टीएच'. इथे फ्रेंच माणूस नकळत आपल्या जवळ येतो. त्यालाही कुठेतरी वाटतंच की आद्याक्षराने आवाज राखला पाहिजे. या रेघेचा खरा घात केला तो इंग्रजी संदर्भसूच्यांनी. फ्रेंच शास्त्रज्ञांचे निबंध इंग्रजी नियतकालिकांत गेले की झाँ-पिएरचा 'पिएर' अमेरिकन मधलं नाव समजला जातो आणि पुष्कळदा पार गळूनच पडतो. उरतो नुसता झाँ.

दुसरा एक खड्डा घरचाच आहे. फ्रेंचमध्ये 'एम' आणि टिंब म्हणजे 'मस्य', आपलं 'श्री'. त्यामुळे मिशेल फूकोचं नाव आखडून लिहिलं की ते 'श्री. फूको' असंच वाचलं जातं. मार्सेल, मोरिस, मारी, मार्गरित, सगळ्यांची हीच गत. बाई असली तर आणखीच पंचाईत. मादाम क्यूरी एका टिंबाने मिशीवाल्या होतात. आणि झाँ-क्लोद लोकांनी तर इतिहासाच्या पुस्तकात स्वतःची आद्याक्षरं पानोपानी बघावीत, कारण इसवीसनपूर्व लिहिताना येशू ख्रिस्तासाठी नेमकी तीच दोन अक्षरं, त्याच रेघेसकट, वापरतात.

याच 'एम'चं सोनं एका गायकाने केलं. मात्यू शेदिद हा 'एम' या एकाच अक्षराने गातो, दोन्ही बाजूंना रेघा देऊन. फ्रेंचमध्ये 'एम' या अक्षराचा उच्चार आणि 'प्रेम करतो' या क्रियापदाचा उच्चार एकच. त्याचा 1997चा पहिला संग्रह 'बाप्तिस्मा' या नावाचा होता, आणि 1999चं गाजलेलं गाणं याच श्लेषावर उभं आहे. ते लिहिलं त्याच्या आजीने, कवयित्री आंद्रे शेदिद यांनी. नातवाच्या आद्याक्षरावर आजीने गाणं लिहावं, हे आपल्याकडच्या पाळण्यांच्या फार जवळचं आहे.

आणखी एक अक्षरी माणूस म्हणजे छायाचित्रकार 'झी-एर'. 1983 साली पॅरिसमध्ये जन्मलेला हा कलावंत भिंतींवर, छपरांवर, आगगाड्यांवर प्रचंड मोठी कृष्णधवल छायाचित्रं चिकटवत जगभर हिंडतो. ही आद्याक्षरं नाव आणि आडनावाची नाहीत. झाँ-रने या पहिल्या नावाचीच आहेत. म्हणजे झीपेचीच तऱ्हा, फक्त मैदानावरून कलादालनात आलेली. भिंतींवर परवानगीवाचून कागद डकवणाऱ्याला पूर्ण नाव असणं गैरसोयीचं असतं, हेही खरं. 2016 साली त्याने लूव्ह्रच्या काचेच्या पिरॅमिडवर मागच्या राजवाड्याचं छायाचित्र असं चिकटवलं की पिरॅमिड दिसेनासा झाला. त्याच राजवाड्याच्या जुन्या भिंतीवर दुसऱ्या आंरीचं मोनोग्राम कोरलेलं आहे. मध्ये 'एच', आणि त्याला पाठीला पाठ लावून चिकटलेली दोन अर्धवर्तुळं. ती राणी कातरिनची 'सी' म्हणून वाचा, नाहीतर प्रेयसी दियानची 'डी' म्हणून. राजाने दोघींना एकाच दगडात समजावलं. साडेचारशे वर्षं लोक मान वर करून वाद घालताहेत.

लेखकांच्या दुनियेत आद्याक्षराने जे केलं ते जास्त गंभीर आहे. व्होल्तेर हे नाव मुळात आरुए या आडनावाला 'धाकटा' या अर्थाच्या शब्दांची आद्याक्षरं जोडून, मग सगळी अक्षरं उलटसुलट करून बनवलेलं असावं, हा त्या नावाचा सर्वाधिक मान्य उलगडा. स्तांदालचं खरं नाव आंरी बेल. त्याने टोपणनावं शेकड्याने घेतली, पण आत्मचरित्र लिहायची वेळ आली तेव्हा नायकाला नाव दिलं आंरी ब्रूलार. आडनाव खोटं, आद्याक्षरं खरी! त्याच्या मृत्यूनंतर मेरिमेने 1850 साली त्याच्यावर एक पुस्तिका छापली, तिचं शीर्षक फक्त ती दोन अक्षरं.

झाँ-झाक रूसोची गोष्ट वेगळी. त्याच्या तरुणपणी फ्रान्समध्ये 'रूसो' म्हटलं की लोकांना कवी झाँ-बातिस्त रूसो आठवायचा. त्यामुळे धाकट्या रूसोची ओळख आडनावाने होणं कठीण होतं, म्हणून तो पहिल्या नावाने ओळखला जाऊ लागला. उतारवयात सगळं जग आपल्याविरुद्ध कट करतंय या भयाने पछाडलेल्या रूसोने स्वतःवरच खटला चालवणारे संवाद लिहिले. त्यांत रूसो नावाचं पात्र 'जे. जे.' नावाच्या गैरहजर माणसाबद्दल बोलत राहतं. लिहिणारा आणि जगाने बदनाम केलेला, हे दोघे त्याला एका नावात ठेववेनात.

आणि मग 'जे. साँद'. 1831 साली 'रोझ ए ब्लांश' नावाची कादंबरी आली, तिच्यावर हेच नाव होतं. ती दोघांनी मिळून लिहिलेली. झ्यूल साँदो हा तरुण आणि त्याची मैत्रीण ओरोर द्यूपँ, लग्नाने बॅरनेस द्यूदवाँ. 'जे' त्याचा, आडनावही त्याचंच, शेवट कापलेलं. पुढच्या वर्षी ओरोरने एकटीने 'इंदियाना' लिहिली. त्यात साँदोचा हात नव्हता, पण प्रकाशकाला ओळखीचं नाव हवं होतं. तडजोड अशी निघाली की आडनाव तेच ठेवायचं, आद्याक्षर बदलायचं. 'इंदियाना'च्या पहिल्या आवृत्तीवर छापलं गेलं 'जी. साँद'. आज ज्या झॉर्झ साँदला आपण ओळखतो ती त्या क्षणी पूर्ण नाव नसलेली बाई होती, एक अक्षर आणि एक टिंब. टिंबामागे पुरुष आहे की स्त्री, हे वाचकाने काय ते समजावं. अक्षर आधी आलं आणि नाव त्याच्या मागून. फ्रेंच वाङ्मयाच्या इतिहासात इतकं परिणामकारक टिंब दुसरं नसेल.

उलट ह्युइस्माँसने नाव असूनही अक्षरं निवडली. पॅरिसमध्ये 1848 साली जन्म, कागदावर शार्ल-मारी-झॉर्झ, बाप डच. लेखक झाल्यावर त्याने आपली नावं डच वळणाची केली, योरिस-कार्ल. मुखपृष्ठावर 'जे-के', अर्थात रेघेसह. त्या अनवट 'के'मुळे पुस्तक हातात घेण्याआधीच वाचकाला परदेशी वारं लागायचं. ल क्लेझिओ यांच्या नावात मात्र पुस्तकांवरून रेघ गेली. झाँ-मारी गुस्ताव्ह यांचं नुसतं 'जे एम जी' झालं. 1963च्या पहिल्या कादंबरीला रनोदो पारितोषिक, 2008 साली नोबेल, पण त्या मारीचा झाँशी सांधा काही मुखपृष्ठाने जपला नाही. त्यांचे पूर्वज ब्रिटनीतून मॉरिशसला गेले. त्याच मॉरिशसला, जिथे एकोणिसाव्या शतकात कोकणातून आणि देशावरून गिरमिटिया म्हणून गेलेल्यांची पणतवंडं आजही स्वतःला मराठी म्हणवतात. ल क्लेझिओंच्या 'ला कारांतेन' या कादंबरीत साथीच्या भीतीने बेटावर अडकवून ठेवलेले प्रवासी आहेत, त्यांत भारतातून आलेले मजूर आहेत, आणि नायिकेचं नाव सूर्यवती आहे.

क्वेबेकमध्ये तर आद्याक्षर हा जणू धार्मिक संस्कारच होता. कॅथलिक घरात जन्मलेल्या मुलाच्या बाप्तिस्म्याच्या नोंदीत सुरुवातीला झोझेफ आणि मुलीच्या मारी असायचंच. सगळेच झोझेफ म्हटल्यावर त्या नावाने हाक मारण्यात अर्थ उरत नाही. म्हणून ते आखडून 'जे' झालं आणि पुढच्या नावाआधी मुकाट्याने उभं राहिलं. बर्फावर चालणाऱ्या गाड्यांचा जनक बोंबार्दिए याचं वाल्कूर गावात संग्रहालय आहे, तिथे तो 'जे. आर्मां' आहे. त्याचा जन्मही एर्झेसारखा 1907चा. हे साल लक्षात ठेवा, अजून एकदा लागणार आहे.

वर्तमानपत्रांची आद्याक्षरांची हौस मी थोडक्यात आवरतो. 'लेक्स्प्रेस' साप्ताहिकाचे एक संस्थापक झाँ-झाक सेर्व्हाँ-श्रेबर हे चार अक्षरांत मावले. राष्ट्राध्यक्ष झिस्कार देस्तँ तीन अक्षरांत. पुढे फ्रेंच राजकारणात आणि दूरचित्रवाणीवर तीन-चार अक्षरांचा माणूस म्हणजे प्रतिष्ठित माणूस असं समीकरण झालं. ब्रिजित बार्दोला दोनच पुरली, कारण 'बी-बी'चा फ्रेंच उच्चार 'बेबे', म्हणजे तान्हं बाळ. गेन्सबूरने 1968 साली तिच्या आद्याक्षरांवर गाणं केलं, आणि तिने 1996 साली आत्मचरित्राचं शीर्षकही तेच ठेवलं. गोदारने आपल्या आत्मचित्राला स्वतःचीच तीन अक्षरं दोनदा दिली, जणू एकदा म्हटल्याने भागत नव्हतं.

आता 1907कडे येऊ. त्या वर्षी, एर्झेनंतर सत्तर दिवसांनी, गोव्यातल्या कोसबे गावी दामोदर धर्मानंद कोसंबी यांचा जन्म झाला. आपण त्यांना डी. डी. म्हणतो. पहिला 'डी' त्यांचा, दुसरा बापाचा, अस्सल आपली पद्धत. 1931 साली कोसंबी अलीगढला गणित शिकवत होते. त्यांना तिथे आणलं होतं आंद्रे वेई या पंचविशीतल्या फ्रेंच गणितज्ञाने; वेई 1930 ते 1932 अलीगढला प्राध्यापक होता. पॅरिसच्या एकोल नॉर्मालमध्ये 1923 साली राऊल ह्युसों नावाच्या विद्यार्थ्याने खोटी दाढी लावून नवागत मुलांपुढे एक बनावट व्याख्यान झोडलं होतं. त्यातलं प्रत्येक प्रमेय कुठल्यातरी फ्रेंच सेनापतीच्या नावावर होतं, आणि शेवटचं होतं जनरल बूर्बाकी यांच्या नावावर. हा किस्सा वेईने अलीगढला आणला. त्याच्या सूचनेवरून कोसंबींनी संयुक्त प्रांतांच्या विज्ञान अकादमीच्या पत्रिकेत एक टिपण छापलं, 'बूर्बाकीच्या दुसऱ्या प्रमेयाचं सामान्यीकरण' अशा अर्थाच्या मथळ्याचं. त्यात हे प्रमेय रशियन राज्यक्रांतीत विषप्रयोगाने मेलेल्या एका अल्पपरिचित रशियन गणितज्ञाचं असल्याचं सांगितलं, आणि त्याचं नाव दिलं डी. बूर्बाकी.

'डी' का? त्या जनरलच्या नावात 'दनी' होतं हे खरं. पण लिहिणाऱ्याच्या स्वतःच्या नावात तर ते अक्षर दोनदा होतं. माझं मत काय ते वाचकांनी ओळखलं असेलच. गणिताच्या छापील वाङ्मयात बूर्बाकीचा हा पहिला उल्लेख, आणि त्या माणसाला पहिलं आद्याक्षर दिलं ते एका गोवेकराने.

डिसेंबर 1934मध्ये पॅरिसच्या बुलव्हार साँ-मिशेलवरच्या एका कॅफेत वेई आणि त्याचे मित्र जमले. गणितातल्या विश्लेषण या शाखेचं नवं पाठ्यपुस्तक एकत्र लिहायचं ठरलं, आणि पुढे लेखकाचं नाव ठरलं बूर्बाकी. पुढच्या वर्षी विज्ञान अकादमीच्या वृत्तांतात टिपण धाडायची वेळ आली. तिथे नियम असा की लेखकाला पहिलं नाव हवं. अलीगढच्या 'डी'ला इथे कुणी विचारलं नाही. एव्हलीन द पॉसेल या सदस्यपत्नीने बूर्बाकीची धर्ममाता होऊन त्याचं नाव ठेवलं निकोला. बारसं झाल्यावर हा लेखक पूर्ण नावाने मिरवला असता तरी चाललं असतं. पण 1939पासून खंडामागून खंड निघाले त्यांवर छापलं गेलं ते 'एन. बूर्बाकी'. नाव ठेवलं ते जणू आखडण्यासाठीच. पुढे एव्हलीन आणि वेई यांचं लग्न झालं. आणि 1939च्या हिवाळ्यात फिनलंडच्या पोलिसांनी वेईला रशियन हेर समजून पकडलं, तेव्हा त्याच्या सामानात निकोला बूर्बाकीच्या भेटपत्रिका सापडल्या, शिवाय बूर्बाकीची कन्या बेती हिच्या लग्नाच्या निमंत्रणपत्रिकाही. त्या पोलिसांची मला मनापासून कीव येते.

बेतीचा नवरदेव एक्तोर पेतार हाही असाच कागदी. सिंहाची शिकार गणिताने कशी करावी यावर 1938 साली अमेरिकेत छापून आलेला विनोदी निबंध त्याच्या नावावर आहे. त्याच्या आड होता आणखी एक काल्पनिक गणितज्ञ, ई. एस. पाँडिझेरी. आडनाव पाँडिचेरीवरून, वर्णलेखन मात्र पोलिश थाटाचं. आद्याक्षरं अतींद्रिय ज्ञानाच्या इंग्रजी नावाची. त्या विषयावर थट्टा करणारा लेख लिहायचा म्हणून ती आधी ठरली होती. हा पाँडिझेरी ज्यांच्या डोक्यातून निघाला त्यांत राल्फ बोअस नावाचा तरुण गणितज्ञ होता.

या बोअसने काही वर्षांनी ब्रिटानिका विश्वकोशाच्या वार्षिकात लिहून टाकलं की बूर्बाकी ही व्यक्ती नसून काही फ्रेंच गणितज्ञांचं सामूहिक टोपणनाव आहे. बूर्बाकीने संपादकांना संतप्त पत्र धाडलं. आपल्या अस्तित्वावर शंका घेणारा हा कोण, अशी विचारणा केली. तेवढ्यावर तो थांबला नाही. गणितज्ञांच्या वर्तुळात त्याने कंडी पिकवून दिली, की बोअस नावाचा कुणी माणूसच नाही. बी, ओ, ए, एस ही म्हणे 'मॅथेमॅटिकल रिव्ह्यूज'च्या संपादकांची आद्याक्षरं आहेत.